लेन्सच्या डावीकडे

पोर्चवर खडूने एक फुली काढलेली होती. मी बेल वाजवायला हात पुढे केला तेवढ्यात आतून आवाज आला, "फुलीवर उभा राहा." फुली दारापासून चांगली चार पावलं मागे होती. मी मुकाट्याने मागे सरकून दोन्ही पाय तिच्यावर ठेवले. "हनुवटी थोडी वर," पुढची सूचना आली. अमेरिकेत भाड्याने घर घ्यायचं तर पगाराच्या स्लिपा दाखवाव्या लागतात, आधीच्या मालकाचं पत्र लागतं, हे मित्रांनी मला बजावून सांगितलं होतं. हनुवटीबद्दल कुणी काही बोललं नव्हतं. मी ती वर केली. शेजारी उभ्या बायकोने हसू दाबण्यासाठी स्कार्फ तोंडाशी धरला.

दार उघडलं तेव्हा आत एक लहानखुरी, काठीसारखी ताठ म्हातारी उभी होती. पांढरे केस मानेवर सरळ कापलेले, ओठांना लालभडक लिपस्टिक, आणि डोळे इतके फिकट निळे की त्यांत रंग आहे की नाही असा प्रश्न पडावा. त्यांनी आम्हा दोघांना बाजूने न्याहाळलं, कोंबडी दाणे बघते तसं, मान वाकडी करून. मग म्हणाल्या, "चेहरे चांगले आहेत. वरचा मजला घ्या." मुलाखत संपली. किल्ली हातात पडली तेव्हा आम्ही आमची नावंसुद्धा सांगितलेली नव्हती.

वीसेक वर्षं झाली या गोष्टीला. मिनेसोटातलं ईडन प्रेरी, मी पुण्याहून प्रोजेक्टवर आलेला, बायको नागपूरची, एका बँकेच्या सॉफ्टवेअरचं टेस्टिंग करणारी. पुढे आम्ही तीन घरं बदलली. पण त्या घरमालकीणबाईंबद्दल सांगायला लागलो की अजूनही माझा आवाज चढतो आणि बायको म्हणते, "अरे हळू सांग, लोकांना कळू दे." माझा नाइलाज आहे. ती गोष्ट मला हळू सांगताच येत नाही.

बाईंची तीन नावं होती. एक चर्चच्या वहीतलं, एक स्टुडिओने ठेवलेलं, एक लग्नानंतरचं. तिन्ही मला माहीत आहेत, पण त्यांना स्वतःला एकही धड आवडत नसे, म्हणून मीही इथे लिहीत नाही. मी 'मॅडम' म्हणायचो. बायकोने पहिल्याच आठवड्यात 'आजी' सुरू केलं आणि त्याचा अर्थही सांगितला. बाईंनी तो शब्द दोन-तीनदा तोंडात घोळवला आणि म्हणाल्या, "हे बरं आहे. हे नाव कुणी पोस्टरवर छापणार नाही." त्या अर्थातच इंग्रजीत बोलायच्या. मला मात्र त्यांचं बोलणं आता मराठीतच आठवतं.

त्या 'स्टुडिओ'चा उलगडा झाला माझ्या पेटीमुळे. भारतातून येताना दोन बॅगांपैकी एकीत मी कपड्यांऐवजी पेटी घातली होती, आणि त्यावरून घरात जे बोलणं झालं ते असो. इथल्या मंडळाच्या गणपतीत आरतीला साथ करायची म्हणून एका संध्याकाळी ऑफिसातून आल्यावर मी सराव करत बसलो होतो. पाचेक मिनिटं झाली असतील, दारावर थाप पडली. उघडतो तर बाई. दोन्ही गालांवरून पाण्याच्या धारा वाहताहेत, हनुवटीवरून टपटप खाली पडताहेत.

मी सॉरी म्हटलं, आवाज जास्त झाला का विचारलं, कुणी गेलं का विचारलं. त्या शांतपणे आत आल्या, खुर्ची खिडकीकडे वळवून बसल्या आणि म्हणाल्या, "थांबू नकोस. मला काहीही झालेलं नाही. हे कामाचे अश्रू आहेत."

मग त्यांनी सांगितलं. तिसऱ्या वर्षापासून आठव्या वर्षापर्यंत त्या हॉलिवूडमध्ये बालनटी होत्या. सिनेमा मुका होता तेव्हाची गोष्ट. पंधरा-सोळा चित्रपट, कधी अनाथ मुलगी, कधी आजारी मुलगी, एकदा तर केस कापून मुलगा. आवाजाचं ध्वनिमुद्रण नव्हतंच, त्यामुळे सेटवर वाटेल तेवढा आवाज चालायचा, आणि नटांना रडू यावं म्हणून कॅमेऱ्याच्या मागे दोन माणसं बसवलेली असायची. एकाकडे व्हायोलिन, दुसऱ्याकडे घडी घालून उचलून नेता येईल असा छोटा ऑर्गन. आतून अगदी आपल्या पेटीसारखा, फक्त भाता पायाने मारायचा. रडायचा प्रसंग आला की दिग्दर्शक बोट वर करायचा, ऑर्गन सुरू व्हायचा आणि तीन वर्षांची ही पोर रडायला लागायची. इतक्यांदा रडली, इतक्यांदा रडली, की पुढे दुःखाची गरजच उरली नाही. सूर कानावर पडले की डोळे आपोआप कामाला लागायचे, आणि ते ऐंशी वर्षांनंतरही लागत होते.

माझ्या बायकोचा कुठल्याच गोष्टीवर चटकन विश्वास बसत नाही, तो तिचा धंदाच आहे. ती म्हणाली, "वाजव." मी वाजवलं, अश्रू आले. "थांब." मी थांबलो, अश्रू थांबले. "आता काहीतरी आनंदी वाजव." मी उडत्या चालीची आरती घेतली. बाई पायाने ठेका धरून, हसत, घळाघळा रडल्या. असं दहा वेळा झालं. शेवटी बायकोने हात टेकले आणि सॉफ्टवेअरमधल्या बगबद्दल बोलतात त्या सुरात म्हणाली, "बाप्पा, दर वेळी रिप्रोड्यूस होतंय."

त्या दिवसापासून दर गुरुवारी संध्याकाळी पाचच्या ठोक्याला बाई वर रडायला येऊ लागल्या. डोळे धुऊन निघतात, बरं वाटतं, असं त्यांचं म्हणणं. रडता रडता त्या बायकोच्या हातची कांदाभजी खायच्या आणि मीठ कमी आहे की बरोबर ते सांगायच्या.

त्यांच्या वयाचाही एक घोळ होता. आईने स्टुडिओत नाव घालताना दोन वर्षं कमी सांगितली होती आणि पुढे दोन्ही आकडे कागदोपत्री इतके मिसळले की खरं कुठलं याची खुद्द बाईंनाही खात्री नव्हती. वाढदिवसाला त्या दोन्ही आकड्यांच्या मेणबत्त्या आणायच्या, आरशासमोर उभ्या राहायच्या आणि त्या वर्षी कुठला आकडा शोभतो ते ठरवायच्या. मी राहायला गेलो त्या वर्षी चौऱ्याऐंशी शोभला. पुढच्या वर्षी त्र्याऐंशी.

घरभर त्यांचं राज्य चालायचं ते उजेडावरून. कुठल्याही खोलीत शिरल्या की आधी खिडकी बघायच्या आणि उजेड चेहऱ्यावर पडेल तिथे जाऊन उभ्या राहायच्या. सकाळी स्वयंपाकघरात, दुपारी जिन्यात. बायको पोळ्या लाटत असली तर तिला खांदे धरून दोन पावलं सरकवायच्या, तिथे तू सुंदर दिसतेस म्हणायच्या. पोळी करपायची, पण बायको तिथून हलायची नाही, हे मी डोळ्यांनी पाहिलंय. भांडायचं असलं तर त्या एक शब्द बोलत नसत. बर्फ पडून गेल्यावर मी वेळेवर गॅरेजपुढचा ड्राइव्हवे साफ केला नाही, तर त्या खिडकीत येऊन भुवया, ओठ आणि एका हाताची बोटं एवढ्यावर असा काही अपमान करायच्या की मी उणे वीसमध्ये घाम फुटेस्तोवर बर्फ ओढायचो.

पण सगळ्यात अजब गोष्ट म्हणजे फोटो. फोटो काढायचा म्हटलं की त्या पर्समधून काळ्या मखमलीचा एक विरलेला तुकडा काढायच्या, वीतभर रुंद, कडेने उसवलेला, आणि कुणाच्या तरी हातात देऊन त्याला कॅमेऱ्याच्या शेजारी, त्यांच्या डाव्या हाताला उभं करायच्या. मग त्या तुकड्याकडे बघायच्या. लेन्सकडे कधी म्हणजे कधीच नाही. गणपतीला त्या बायकोची हिरवी साडी नेसून आल्या होत्या. मंडळाच्या त्या वर्षीच्या ग्रुप फोटोत सत्तर माणसं समोर बघताहेत आणि मध्यभागी एक गोरी आजी अत्यंत भावपूर्ण नजरेने समोशांच्या ट्रेकडे बघते आहे, कारण मखमल धरलेला कार्यकर्ता तिथे उभा होता.

कारण विचारलं तर तेही पटण्यासारखंच. त्या काळच्या फिल्मला निळा रंग कळत नसे. निळं आकाश पांढरं यायचं, निळे डोळे पांढरे यायचे. पडद्यावर ही गोड पोर भुतासारखी दिसायला लागली, तेव्हा कॅमेरामनने तोड काढली. कॅमेऱ्याशेजारी काळी मखमल धरायची. काळ्याकडे बघितलं की बाहुल्या मोठ्या होतात आणि डोळे गडद दिसतात. ती मखमल धरायचं काम होतं आईचं. पाच वर्षं, प्रत्येक चित्रपटात, प्रत्येक शॉटला, आई तिथे हात वर करून उभी. लोकांना वाटायचं पोर किती छान शून्यात बघते. पोर आईकडे बघत असायची.

आता गाडी एका सरकारी ऑफिसकडे नेतो, कारण खरी गोष्ट तिथे सुरू होते.

बाईंच्या ओळखपत्राची मुदत संपत आली होती. गाडी चालवणं त्यांनी कधीच सोडलं होतं, पण साधं कार्ड तरी हवं, नाहीतर दवाखान्यापासून विमानापर्यंत सगळीकडे अडतं. मी त्यांना घेऊन गेलो. फॉर्म भरला, सही झाली, फोटोची वेळ आली. काउंटरवरच्या बाई शांत स्वभावाच्या होत्या. म्हणाल्या, लेन्सकडे बघा. आमच्या बाईंनी मखमल माझ्या हातात दिली आणि डावीकडे बघितलं. काउंटरवाल्या बाई म्हणाल्या, समोर बघावं लागतं, नियम आहे. आमच्या बाई म्हणाल्या, माझाही नियम आहे. तीन वेळा फोटो काढला, तिन्ही वेळा मशीनने नापास केला. मागे रांग वाढत होती. मी अजिजीने म्हटलं, मॅडम, एक सेकंदाचा प्रश्न आहे. आमच्यासारख्या व्हिसावाल्यांचं तर निम्मं आयुष्य कॅमेऱ्यात सरळ बघण्यात जातं. चष्मा काढा, कान दिसू द्या, हसू नका. मला खरंच कळत नव्हतं यात अवघड काय आहे. बाईंनी माझ्या हातातली मखमल घेतली, घडी करून पर्समध्ये ठेवली आणि कार्ड न घेता बाहेर पडल्या.

परतताना गाडीत मी जरा घुश्शातच होतो. सिग्नलला त्या म्हणाल्या, "मी एकदा बघितलं होतं लेन्समध्ये."

शेवटच्या चित्रपटाचा शेवटचा प्रसंग होता. मुलगी दारात उभी राहून वाट बघते, बाप येत नाही, तिला रडू येतं. ऑर्गन चालू, व्हायोलिन चालू, दिवे तापलेले, आई मखमल धरून उभी. रडणं उत्तम जमत होतं. आणि मध्येच या आठ वर्षांच्या पोरीने सरळ लेन्समध्ये बघितलं. दिग्दर्शक ओरडला, शॉट वाया गेला. दुसऱ्या दिवशी सेटवर गेल्या तर त्यांचा फ्रॉक घालून दुसरी मुलगी उभी होती. आठवड्याभरात मायलेकी आगगाडीने मिनेसोटाला आजोबांच्या शेतावर परत आल्या. थोड्याच दिवसांत सिनेमा बोलायला लागला आणि मग कुणी बोलावलंच नाही.

"मला आठवतं की आधी मखमल खाली आली," बाई म्हणाल्या. "ती दिसेना, म्हणून मी शोधलं, आणि शोधताना मध्ये लेन्स आली. आई म्हणायची, मी शेवटपर्यंत धरली होती, तूच नजर हलवलीस. मरेपर्यंत म्हणायची. रागाने नाही, एखादी माहिती सांगावी तसं सांगायची. मग मलाही वाटायला लागलं, की मीच हलवली असणार."

त्या चित्रपटाची एकही प्रत उरलेली नव्हती. त्यांच्या कुठल्याच चित्रपटाची नव्हती. काही जळाले, काहींची फिल्म आतली चांदी काढायला वितळवली, बाकीच्यांची डब्यातल्या डब्यात भुकटी झाली. आणि आता बाईंचे डोळे चालले होते. डोळ्याच्या पडद्याचा मधला भाग झिजत जाण्याचा तो आजार. समोरचं पुसलं जातं, कडेचं तेवढं राहतं. आम्हाला पहिल्या दिवशी त्यांनी मान वाकडी करून बघितलं होतं ते त्यामुळे. त्या म्हणाल्या, "एकदा बघायचंय मला, आधी काय झालं ते. हे डोळे आहेत तोवर."

घरी येऊन मी बायकोला सांगितलं. तिने हातातलं लाटणं खाली ठेवलं आणि म्हणाली, "अरे यार, मग आपण शोधू ना. एवढं सगळं जग सर्चेबल झालंय."

जुन्या मूकपटांचे वेडे जगभर आहेत आणि इंटरनेटवर त्यांचे अड्डे आहेत, हे मला तेव्हा कळलं. ऑफिसच्या जेवणाच्या सुट्टीत मी तिथे लिहायला लागलो. बाईंचं स्टुडिओचं नाव, चित्रपटाचं नाव, प्रसंग. लोकांनी उत्साहाने वाद घातले, एकमेकांची अक्कल काढली, आणि सगळ्यांचं एकमत झालं की चित्रपट कायमचा गेलेला आहे. चार महिने हेच. आणि एका दुपारी वॉशिंग्टन राज्यातल्या बॉथेलहून एका बाईंची ईमेल आली. त्यांचे आजोबा त्या काळी सेटवर ऑर्गन वाजवायचे. कापून फेकलेले फिल्मचे तुकडे ते आठवण म्हणून घरी आणायचे. गॅरेजमध्ये त्यांचा एक पत्र्याचा डबा होता आणि एका गुंडाळीला चिकटवलेल्या चिठ्ठीवर नाव होतं. आमच्या बाईंचं नाव, आणि खाली एकच शब्द: वाया.

मी ऑफिसात खुर्चीतून उठून उभा राहिलो. शेजारच्याला वाटलं, माझी नोकरी गेली.

म्हणजे बघा, चांगले शॉट सगळे गेले. थिएटरांत फिरून फिरून झिजले, जळाले, वितळले. टिकला तो टाकून दिलेला तुकडा. मी तो ताबडतोब कुरिअरने मागवायला निघालो होतो, पण जुनी फिल्म पेट घेते, ती अशी पाठवता येत नाही. बॉथेलच्या बाईंनी डबा एका विद्यापीठाच्या प्रयोगशाळेत दिला. तिथे रांग होती. गुंडाळी चिकटलेली होती, ती हळूहळू सोडवायची, एकेक चौकट स्कॅन करायची. जमलं तर जमलं.

तो हिवाळा आम्ही कसा काढला ते आमचं आम्हाला माहीत. बाईंच्या स्वयंपाकघरात भिंतीवर एक कॅलेंडर होतं. त्यांच्या खुर्चीतून ऑक्टोबरात त्यांना तारखा वाचता यायच्या. नोव्हेंबरात, थँक्सगिव्हिंगला, फक्त महिन्याचं नाव. नाताळात त्या मला म्हणाल्या, कॅलेंडर आहे का तिथे अजून? मी हो म्हणालो आणि वर येऊन प्रयोगशाळेला आणखी एक ईमेल टाकली. बायको म्हणाली, रोज फॉलो-अप करू नकोस, चिडतील ते. मग तिने स्वतः दुसऱ्या पत्त्यावरून एक टाकली.

फेब्रुवारीत एका शुक्रवारी लिंक आली. मी ती उघडली नाही. उघडायला बोट शिवशिवत होतं, पण पाऊणशे वर्षं जिने वाट बघितली तिच्या आधी मी बघणं बरोबर नव्हतं. मंडळाचा प्रोजेक्टर मागून आणला, तळघरात पांढरी चादर ताणून लावली, आणि शनिवारी दुपारी बाराला बाई खाली आल्या. निळा ड्रेस, मोत्यांची माळ, ताजी लिपस्टिक. हातात मखमल. जिन्याच्या शेवटच्या पायरीवर त्या थांबल्या, प्रोजेक्टरचा उजेड कुठून येतो ते बघितलं, आणि मग चादरीच्या डाव्या कडेकडे तोंड करून बसल्या. कडेच्या नजरेनेच काय ते दिसणार होतं.

"ऑर्गन हवा," त्या म्हणाल्या. पेटी मी आणलेलीच होती.

मी सूर धरला, बायकोने बटण दाबलं. चादरीवर आधी नुसते ओरखडे आणि डाग नाचले. मग एकदम एक दार आलं आणि दारात एक पोर. तीच हनुवटी, तेच ताठ उभं राहणं. माझे हात पेटीवर होते म्हणून बरं, नाहीतर मी टाळ्याच वाजवल्या असत्या. पोर रडत होती, एका बाजूला बघत. आणि मग तिची नजर हलली. तिने सरळ लेन्समध्ये, म्हणजे सरळ आमच्या तिघांकडे बघितलं. ओठ हलले. "आई" म्हणाली ती, ते आवाजाशिवायही कळलं. चित्र तुटलं. सगळं मिळून चाळीस सेकंद.

"आधी काय झालं?" बाईंनी विचारलं. "मला ती दिसली. पण आधी काय झालं?"

मी पोरीचा चेहराच बघत होतो. बायको लॅपटॉपशी गेली आणि एकेक चौकट पुढे सरकवू लागली. पोरीचं डावं म्हणजे आपल्याला चित्राच्या उजव्या कडेला, हे तिने आधी नीट ठरवून घेतलं. दहा मिनिटं ती पुढे गेली, मागे गेली, पुन्हा पुढे गेली. मी तिला ओळखतो. शंभर टक्के खात्री झाल्याशिवाय ती तोंड उघडत नाही. बाई हातातली मखमल चुरगाळत होत्या. मी काही सुचेना म्हणून हळूहळू वाजवत राहिलो, आणि तेव्हा माझ्या लक्षात आलं की पेटी चालू आहे आणि बाईंचे डोळे कोरडे आहेत.

बायको त्यांच्यासमोर येऊन गुडघ्यावर बसली. म्हणाली, "आजी, आधी मखमल. उजव्या कोपऱ्यात तिची कड चित्रात आलीय, काळ्या सावलीसारखी, ती वरून खाली येते. तेव्हा तुमचे डोळे अजून तिथेच आहेत, जिथे असायला हवेत तिथे. सावली पूर्ण खाली जाते. त्यानंतर पाच चौकटी तुम्ही वाट बघता. मग नजर हलते. मी वीस वेळा बघितलं. वीसही वेळा आधी मखमल."

माझे हात थांबले. पेटीचा शेवटचा सूर विरून गेला, तळघरात फक्त प्रोजेक्टरचा पंखा घुरघुरत होता, आणि त्या शांततेत बाईंच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं. दीड वर्ष मी दर गुरुवारी त्यांना रडताना बघत होतो. हे मी पहिल्यांदाच बघत होतो. चेहरा वेडावाकडा झाला, लिपस्टिक पसरली, नाक वाहायला लागलं. पडद्यावर कुणी चालवून घेतलं नसतं असं ते रडणं होतं. मला भरून आलं, आणि हे सांगायला मला आजही संकोच वाटत नाही.

मग त्या बोलल्या, ते मला वाटलं होतं तसं नाही. मी खरी होते, असं काही त्या म्हणाल्याच नाहीत. म्हणाल्या, "सकाळी सहापासून उभी होती ती. हात भरून आला असेल. कुणी तिला विचारलंच नाही कधी. मीसुद्धा."

सोमवारी सकाळी दार ठोठावून त्यांनी मला सांगितलं, त्या ऑफिसात घेऊन चल. बायकोनेही अर्धा दिवस रजा टाकली.

काउंटरवर त्याच शांत बाई होत्या. त्यांनी आम्हाला ओळखलं आणि खुर्चीत जरा सावरून बसल्या. फॉर्म झाला, सही झाली. फोटोसाठी बाई पांढऱ्या पडद्यापुढे उभ्या राहिल्या. बायको सवयीने कॅमेऱ्याच्या शेजारी जाऊन मखमल धरून उभी राहिली, हात खांद्याच्या वर, अगदी बरोबर जागी. बाईंनी मान वाकडी करून कडेच्या नजरेने तिला बघितलं.

"खाली घे पोरी," त्या म्हणाल्या. "हात दुखेल."

बायकोने हात खाली घेतला. बाईंनी कडेच्याच नजरेने लेन्स कुठे आहे ते शोधलं, आणि मग डोळे सावकाश वळवून समोर आणले. समोर बघितलं की त्यांना काहीच दिसत नसे, हे आम्हा दोघांनाच माहीत होतं. हनुवटी थोडी वर झाली. त्या जराही हलल्या नाहीत. फ्लॅश पडला आणि मशीनने पहिल्याच वेळी फोटो पास केला.

कार्ड टपालाने आलं तो गुरुवार होता. पाचच्या ठोक्याला त्या ते घेऊन वर आल्या आणि बायकोच्या हातात दिलं. त्यांना स्वतःला ते दिसण्यातलं राहिलं नव्हतं.

"डोळे बघ," त्या म्हणाल्या. "मखमल नव्हती. पांढरे आलेत ना? भुतासारखे?"

बायकोने कार्ड खिडकीशी नेलं. तिला खोटं बोलता येत नाही, मला जरा धाकधूकच होती. तिने नीट बघितलं, मग परत येऊन बाईंचा हात धरला.

"निळे आलेत, आजी," ती म्हणाली. "चांगले निळे."

"निळे?" बाईंनी विचारलं.

बायकोने पुन्हा सांगितलं. बाईंनी पुन्हा विचारलं. भज्यांचं तेल तापून धूर यायला लागला तरी त्या दोघींचं तेच चाललं होतं, आणि मी पेटीला हात लावला नाही.